बंदुकीची निगा शिकवणारी युद्धकाळातली व्यंगचित्रं: हसून शिकले की हसण्यावारी नेले?

कागदीबाण
व्हिएतनाम युद्धात अमेरिकी लष्कराने एम१६ए१ रायफलच्या देखभालीवर एक चित्रपुस्तिका काढली होती. डीए पॅम (लष्करी खात्याची पुस्तिका) ७५०-३०, पानं ३२, आवृत्त्या १९६८ आणि १९६९. चित्रं विल आयस्नरची. खिशात मावेल एवढा आकार, रंगीत छपाई, आणि बंदूक कशी खोलायची, पुसायची, तेल कुठे किती, अडकली तर काय करायचं, हे सगळं एक सोनेरी केसांची बाई लाडिक आवाजात सांगते.

चित्रकला म्हणून पुस्तिका अव्वल आहे, वाद नाही. पण दोन-तीनदा चाळल्यावर एक शंका डोक्यातून जात नाही. ज्या बंदुकीबद्दल 'ऐन लढाईत अडकते' अशी बोंब झाली होती, तिच्या सोबत हसरी पुस्तिका देणं म्हणजे 'बाबा रे, चूक तुझीच, तू साफ करत नाहीस' असं गोड शब्दांत सांगणं नव्हे का? की अशा चित्रांनी खरंच हात सुधारतो?

दुसऱ्या महायुद्धापासूनची अशी व्यंगचित्रं माहीत असतील तर तीही येऊ द्यात. फक्त 'छान होती' एवढ्यावर सोडू नका, काय शिकवत होती ते सांगा.

मधलीसुट्टी
मिक्सरसोबत अशी पुस्तिका आली असती तर निम्म्या महाराष्ट्राच्या भांड्यांचे वॉशर आज जागेवर असते.

नटबोल्ट
पुस्तिकेची बाजू घेतो. चित्रकाराने काय केलंय ते कळायला आधी बंदूक डोळ्यांसमोर हवी.

एम१६ खोलण्याचा क्रम असा. मॅगझीन काढा. चार्जिंग हँडल मागे ओढून चेंबर (गोळी बसते ती जागा) रिकामं आहे हे डोळ्यांनी बघा. मागची टेकडाउन पिन दाबली की बंदूक बिजागरीवर दुमडते. हँडल अर्धवट मागे घेतलं की बोल्ट कॅरियर, म्हणजे बोल्ट (चेंबरचं मागचं दार) वाहून नेणारा भाग, हातात येतो. त्याच्या कुशीत एक बारीक दुपायी पिन असते, तिने फायरिंग पिन (गोळीला मागून ठोसणारी) अडवलेली असते. ती काढा, कॅरियर उभा करा, फायरिंग पिन आपोआप हातात घसरते. मग बोल्ट आत ढकला, कॅम पिन पाव फेरा फिरवून उचला, बोल्ट बाहेर. शेवटी फायरिंग पिनच्याच टोकाने एक्स्ट्रॅक्टरची (रिकामी पुंगळी खेचणाऱ्या आकडीची) पिन ढकलायची. म्हणजे वेगळं हत्यार लागतच नाही, बंदूकच बंदुकीला उघडते.

आता चुका कुठे होतात बघा.

एक, ती दुपायी पिन. दिसायला सायकलच्या कॉटर पिनसारखी, त्यामुळे बसवून झाल्यावर तिचे पाय फाकवायचा मोह होतो. फाकवलेत की पुढच्या वेळी निघत नाही, ओढाताणीत तुटते. पाय मिटलेलेच ठेवायचे. शिवाय ती नेमक्या जागेतून गेली पाहिजे. चुकीच्या जागेतून गेली तर फायरिंग पिन आपलं काम करत नाही. घोडा दाबला, नुसता 'टक्'.

दोन, कॅम पिन. ही सगळ्यांत धोक्याची, कारण ती विसरूनही बंदूक जोडली जाते. बाहेरून काही कळत नाही. पण बोल्ट फिरवून चेंबरच्या खाचांत अडकवणारी तीच. ती नसताना गोळी सुटली तर मागचं दार उघडं, सगळा दाब सैनिकाच्या चेहऱ्याकडे.

तीन, पाणी. नळी ५.५६ मिलिमीटरची, पावसात आत पाणी चढलं की नुसती खाली धरून उतरत नाही, बंद नळीत धरलं जातं. हँडल दोन-तीन इंच मागे घ्यायचं, मागून हवा शिरली की पाणी सुटतं. पाण्याचा खांब घेऊन गोळी झाडली तर नळी फुगते किंवा फाटते.

साध्या नियमपुस्तिकेत या तिन्ही गोष्टी असतातच, पण कुठल्याशा परिच्छेदातल्या उपकलमात. आयस्नर चूक आणि तिचा परिणाम शेजारीशेजारी आणून ठेवतो, आणि हात चित्रात त्याच कोनातून दाखवतो ज्या कोनातून सैनिकाला स्वतःचे हात दिसतात. विनोदापेक्षा हा कोन मोठा.

रानमेवा
जबरी माहिती. वाचनखूण साठवली. 'बंदूकच बंदुकीला उघडते' हे आवडलं.

दारूगोळा
नटबोल्ट साहेब, यांत्रिक भाग चोख. पण मूळ प्रश्नाला तुम्ही बगल दिलीत. बंदूक अडकत का होती?

रायफलच्या चाचण्या झाल्या त्या आयएमआर ४४७५ या कांडीच्या आकाराच्या दारूवर. सैन्याला प्रत्यक्ष पुरवठा झाला बराचसा डब्ल्यूसी ८४६ या गोळीदार दारूचा. गोळीचा वेग तोच राहिला, पण नळीतल्या गॅसच्या छिद्रापाशी (तिथून येणारा गॅसच बोल्ट मागे ढकलतो) पोचताना दाब वाढलेला. त्यामुळे यंत्रणा जोरात मागे येऊ लागली. मिनिटाला साडेसातशे-आठशेच्या आसपास अपेक्षित असलेला वेग नऊशे-हजाराकडे गेला. याचा अर्थ नीट लक्षात घ्या. गोळी सुटल्यावर पितळी पुंगळी फुगून चेंबरला चिकटलेली असते, दाब उतरला की आक्रसते. बोल्ट घाईने मागे आला तर ती अजून चिकटलेली असतानाच एक्स्ट्रॅक्टर तिची कड धरून खेचतो. कड फाटते, पुंगळी आत राहते, मागून नवी गोळी येऊन तिच्यावर आदळते. बंदूक ठप्प.

त्यात चेंबरला क्रोमचा मुलामा नव्हता. दमट हवेत चेंबरला गंज, गंजाचे बारीक खड्डे, त्या खड्ड्यांत पितळ आणखी घट्ट रुततं. वर त्या दारूत कॅल्शियम कार्बोनेट जास्त, म्हणजे गॅसच्या नळीत कीट.

अशी पुंगळी काढायला एकच उपाय, पुढून सफाईचा गज घालून ठोकणं. आणि गज पुरेसे दिलेच नव्हते! 'ही बंदूक आपोआप साफ राहते' असा समज पसरलेला, सफाई संच अपुरे. १९६७ साली अमेरिकी प्रतिनिधीगृहाच्या आयकॉर्ड उपसमितीने चौकशी केली, तिचा रोख या दारूबदलावरच होता.

पुढे काय केलं? चेंबरला क्रोम, जड बफर (बोल्टचा धक्का झेलणारा भाग), नळीच्या तोंडाशी बंद तोंडाचा फ्लॅश हायडर (ज्वाळा झाकणारा), सफाई संच. ही खरी दुरुस्ती. पुस्तिका नंतर आली. लग्न लागून गेल्यावर मंगलाष्टकं.

कागदीबाण
हेच म्हणायचं होतं मला. नेमकं मांडलंत.

नटबोल्ट
दारूगोळा, तुमचं एकही वाक्य खोडत नाही. पण क्रोम लागलं म्हणून चिखल बंदुकीत शिरायचा थांबला का? कारखान्याचा दोष आणि हाताचा दोष दोन्ही एकाच वेळी असू शकतात. सफाई संच पाठवला, पण चेंबरचा ब्रश वेगळा असतो आणि नळीचा वेगळा, हे सांगणार कोण? नळीचा ब्रश चेंबरमध्ये फिरवला तर तो कडांना पोचतच नाही, कीट तिथेच. चेंबरच्या ब्रशला मागे जाड तारांचा पट्टा असतो, तो बोल्ट अडकतो त्या खाचांसाठी. हे एका चित्रात कळतं.

जुनीजीप
जरा मागे जाऊ. आयस्नर १९४२ मध्ये सैन्यात भरती झाला आणि मेरीलँडमधल्या ॲबर्डीन प्रूव्हिंग ग्राउंडवर पोचला. बाल्टिमोरच्या होलाबर्ड डेपोत 'आर्मी मोटर्स' नावाचं मासिक निघायचं, गाड्यांच्या देखभालीवरचं; त्यात तो काम करू लागला. त्यात 'जो डोप' हा बावळट शिपाई अवतरला. जो डोप करेल ते करायचं नाही, एवढाच अभ्यासक्रम.

मुख्य धडा होता 'बिघडायच्या आधी बघा'. उदाहरण जीपचंच घ्या. कोरड्या पक्क्या रस्त्यावर फोर व्हील ड्राइव्ह लावून गाडी पळवणं. पुढच्या आणि मागच्या आसाला जोडणाऱ्या ट्रान्सफर केसमध्ये डिफरन्शियल (दोन बाजूंना वेगवेगळ्या वेगाने फिरू देणारी गिअरजोडी) नाही. वळणावर पुढची चाकं जास्त अंतर जातात, मागची कमी. मातीत चाक जरासं घसरून हिशेब मिटवतं, डांबरावर घसरत नाही. मग ताण दांड्यांवर आणि गिअरवर साठतो, लिव्हर अडकून बसतो, जोर लावून ओढला की दाते जातात. हाच प्रकार चार टायर कमी-जास्त झिजलेले असले तरी होतो. पुढे नवी जोडी आणि मागे गोटा, म्हणजे सरळ रस्त्यावरही भांडण.

दुसरं, हवेचा फिल्टर. तेलाच्या वाटीचा असतो. धूळ तेलात बसते, तळाशी गाळ होतो. धुळीच्या मुलखात रोज वाटी उतरवून गाळ टाकायचा, पुसायची, खुणेपर्यंत नवीन तेल. 'जास्त घातलं तर जास्त बरं' म्हणून खुणेच्या वर भरलंत की इंजिन ते तेल कार्ब्युरेटरकडे ओढतं, धूर सोडतं, प्लग काळे. खुणेखाली ठेवलंत तर धूळ सरळ सिलिंडरमध्ये.

तिसरं, पाण्यातून गाडी काढल्यावर डिफरन्शियलचं तेल बघणं. दुधाळ दिसलं म्हणजे पाणी शिरलं. त्या तेलात गिअर वंगण न मिळता फिरतात. ब्रेक ओले असतात ते पायाने हलका दाब देत थोडं अंतर चालवून वाळवायचे.

विलिज जीपची जुळणी १९४७ पासून मुंबईत महिंद्राने सुरू केली, त्यामुळे हे सगळं ज्ञान आपल्याकडच्या गॅरेजांमध्ये तोंडोतोंडी मुरलेलं आहे. फक्त शिकवायला जो डोपऐवजी उस्तादाचा पाना होता.

मधलीसुट्टी
पाना फेकून मारणे ही जगातली सर्वात जुनी दृकश्राव्य शिक्षणपद्धती.

शब्दवेध
जुनीजीप, तुम्ही कॉनी रॉडला विसरलात. तीही त्याच मासिकातलं पात्र. कनेक्टिंग रॉडचं तिकडे लाडाने 'कॉन रॉड' होतं, त्यावरून बाईचं नाव. तिथल्याच सार्जंट पात्राचं नाव हाफ-मास्ट मॅककॅनिक, म्हणजे आडनावातच मेकॅनिक. आपल्याकडे 'सौ. पिस्टन दांडेकर' किंवा 'हवालदार पानसरे' ठेवावं तसं.

पण एक आक्षेप नोंदवते. एम१६च्या पुस्तिकेत खोलजोडीच्या प्रकरणाचं शीर्षकच द्वयर्थी आहे, 'कपडे उतरवणे' आणि 'सुटे भाग करणे' यासाठी इंग्रजीत एकच क्रियापद असल्याचा फायदा घेऊन. बंदूक म्हणजे प्रेयसी, तिला हाताळा, जपा वगैरे. वीस वर्षांचा मुलगा ते पान उघडेल हे खरं. पण तो बाईसाठी उघडतो की आकृतीसाठी? लक्ष वेधणं आणि शिकवणं वेगळं.

नटबोल्ट
मान्य. मला तरी पुस्तिकेचा तो भाग आज शिळा वाटतो. खोलजोडीची पानं मात्र शिळी झाली नाहीत.

दारूगोळा
शब्दवेधताईंशी सहमत. आणि लष्करालाही ते पुढे कळलं. कॉनीचे कपडे दशकागणिक वाढत गेले, १९७०च्या दशकात तिच्या जोडीला बॉनी नावाची कृष्णवर्णीय सहकारी आली. सैन्यात बायका मेकॅनिक म्हणून काम करू लागल्यावर 'मुलांनो, इकडे बघा' छाप पान त्यांच्या हातात देणं अवघडच.

रणगाडा_नगर
धाग्यात जर्मन कसे नाहीत? 'टायगरफीबेल' घ्या. फीबेल म्हणजे अंकलिपी, बालभारतीची पहिलीची पुस्तिका म्हणा. टायगर रणगाड्याच्या पथकासाठी, क्रमांक डी ६५६/२७, तारीख १ ऑगस्ट १९४३, मंजुरी जर्मन रणगाडा दलाचा प्रमुख निरीक्षक जनरल गुडेरियनची. जर्मन सैन्याचे कागद किती रुक्ष असायचे हे माहीत असलेल्याला ही पुस्तिका बघून धक्का बसतो. यमकं, चावट चित्रं, एल्विरा नावाची मुलगी.

पण आत माल ठोस आहे. तीन गोष्टी सांगतो.

पहिली, जेवणाच्या वेळा. टायगरचं पुढचं चिलखत १०० मिमी, बाजूचं ८०. शत्रूला नाकासमोर ठेवलं तर पुढचे १०० मिमीच मिळतात. रणगाडा ४५ अंश तिरका केला तर गोळ्याला पुढच्या पत्र्यातून तिरकं जावं लागतं, १०० चे १४१ होतात, बाजूच्या ८० चे ११३. शिवाय तिरक्या पत्र्यावरून गोळा घसरण्याची शक्यता. आता लढाईत शिपायाला कोन मोजायला सांगणार? पुस्तिकेने घड्याळ दिलं. रणगाड्याचं नाक १२ वर. शत्रू साडेदहा, दीड, साडेचार किंवा साडेसातला असला पाहिजे. आणि या चार वेळा म्हणजे न्याहारी, दुपारचं जेवण, संध्याकाळचं खाणं, रात्रीचं जेवण. 'शत्रूला जेवणाच्या वेळेवर ठेव.' भुकेलेला पोरगा हे कसं विसरेल?

दुसरी, अंतर काढणं. दुर्बिणीतल्या खुणा मिलमध्ये. एक मिल म्हणजे हजार मीटरवर एक मीटर. तीन मीटर रुंद रणगाडा चार खुणा व्यापत असेल तर तीन भागिले चार गुणिले हजार, ७५० मीटर. त्रैराशिक, पण यमकात.

तिसरी, पैसे. पुस्तिका सांगते की एका टायगरला सगळ्या सरंजामासकट ८ लाख राइशमार्क आणि ३ लाख श्रमतास लागतात. म्हणजे ३०,००० माणसांचा आठवड्याचा पगार, ६,००० माणसांची आठवडाभर राबणूक. तेलाची पातळी न बघता इंजिन जाळणाऱ्याला त्याची किंमत माणसांत मोजून दाखवली आहे.

दुरुस्ती_विभाग
८ लाखांची वस्तू आणि चाकाचा रबर बदलायचा तर काय करावं लागायचं तेही सांगा की! सुरुवातीच्या टायगरला एका बाजूला ८ आस, प्रत्येकावर ३ चाकं, एकूण २४, तीही एकमेकांत गुंतवलेली. सर्वांत आतलं एक चाक काढायचं तर बाहेरची कितीतरी आधी उतरवा. रशियात रात्री त्या फटींतला चिखल गोठला की सकाळी रणगाडा जागचा हलत नाही. रेल्वेने न्यायचा तर आणखी मजा. लढाईचे पट्टे ७२५ मिमी रुंद, वॅगनच्या बाहेर जाणार, म्हणून ते उतरवून ५२० मिमीचे चढवायचे, बाहेरची चाकंही काढायची. उतरल्यावर सगळं उलट.

कितीही गोड कविता लिहा, ५७ टनांचा धोंडा तो धोंडाच.

रणगाडा_नगर
बरोबर, आणि म्हणूनच कवितेत चालकाला कानपिचक्या जास्त. मेबाख इंजिन ३००० फेऱ्यांना ७०० अश्वशक्ती द्यायचं, पण तिथे सतत चालवलं की जीव सोडायचं. पुढे गव्हर्नर लावून फेऱ्या २५०० वर अडवल्या.

दुरुस्ती_विभाग
छोटी भर: पहिल्या २५० टायगरमध्ये एचएल २१० होतं, ६५० अश्वशक्तीचं. ७००वालं एचएल २३० नंतरचं.

कागदीबाण
म्हणजे इथेही तेच! यंत्राची रचना अवघड, आणि पुस्तिका चालकाला सांगते 'जपून रे'. माझी शंका आणखी पक्की होतेय.

मीठभाकर
कागदीबाण, मग असं उदाहरण घ्या ज्यात रचनेचा दोष नाही, निव्वळ सवयीचा प्रश्न आहे. मीठ.

दुसऱ्या महायुद्धातल्या अमेरिकी गॅरंड रायफलच्या .३०-०६ काडतुसांच्या टोपीत (दारू पेटवणाऱ्या भागात) पोटॅशियम क्लोरेट असायचं. जळल्यावर त्याचं पोटॅशियम क्लोराइड होतं. हे मीठच, आपल्या मिठाच्या बरणीसारखं हवेतलं पाणी ओढतं. नळीत मीठ, मिठात पाणी, सकाळपर्यंत गंज.

आता सैनिकाची सहजबुद्धी काय सांगते? बंदूक म्हणजे लोखंड, लोखंडाला पाणी शत्रू, तेल मित्र. म्हणून तो नळीत भरपूर तेल ओततो. मीठ तेलात विरघळत नाही! तेलाच्या थराखाली ते सुरक्षित बसून राहतं आणि गंज चालू. उपाय उलटा: आधी पाणी, जमलं तर गरम साबणाचं, किंवा सैन्याने दिलेलं बोअर क्लीनर. मग कोरड्या चिंध्या, नळी पूर्ण कोरडी होईपर्यंत. आणि सर्वांत शेवटी तेलाचा पातळ हात. गॅरंडमध्ये गॅसचा सिलिंडर पण विसरायचा नाही, तिथेही तेच मीठ. त्याच सैन्याच्या छोट्या एम१ कार्बाइनला मात्र ही कटकट नव्हती, तिच्या काडतुसाची टोपी वेगळ्या मसाल्याची होती. एकाच कंपनीत दोन बंदुका, दोन नियम. गोंधळ होणार नाही तर काय.

'बंदुकीत पाणी घाल' हे शिपायाच्या गळी उतरवायचं तर लेखी आदेश कमी पडतो. सवयीविरुद्धची गोष्ट चित्रातून लवकर पटते.

रानमेवा
थांबा थांबा. बंदुकीत पाणी??

मीठभाकर
हो. ब्रिटिश पद्धतीत .३०३ रायफललाही उकळतं पाणीच ओतायचे, नरसाळ्याने, चेंबरच्या बाजूने. उकळतं अशासाठी की मीठ तर जातंच, वर नळी एवढी तापते की उरलेला ओलावा आपोआप उडतो. कोमट पाण्याने अर्धं काम होतं आणि गंजाला आमंत्रण.

चिंदीचोर
.३०३ निघाली म्हणून. आपल्याकडे एनसीसीत शिकलेल्यांना 'फुलथ्रू' आणि 'चिंदी' हे शब्द पाठ असतील. पुल-थ्रूचा फुलथ्रू झाला. दोरीच्या एका टोकाला पितळी वजन, दुसऱ्या टोकाला फासे, चिंदी त्या फाशात. सफाईची चिंदी ४ गुणिले २ इंच, तेलाची ४ गुणिले दीड. हा अर्धा इंच उगाच नाही. कोरडी चिंदी नळीत घट्ट बसून घासली गेली पाहिजे, तेलाची जरा सैल हवी, नाहीतर तेल सगळं तोंडाशीच पिळून निघतं.

ओढायची कशी? वजन चेंबरकडून सोडायचं, तोंडाकडून बाहेर येतं, एका दमात सरळ ओढायचं. तिरकी ओढली तर दोरी तोंडाच्या कडेला घासत राहते, कालांतराने तिथे खाच पडते आणि नेम जातो. मध्येच थांबलात तर चिंदी अडकते. आणि अडकलेली चिंदी गोळी झाडून काढायची कल्पना ज्याला सुचली तोच जो डोप.

मधलीसुट्टी
आयडीला साजेसा प्रतिसाद.

पंखा_रेग्युलेटर
विमानवाल्यांना विसरू नका. रॉयल एअर फोर्सचं 'टी एम', ट्रेनिंग मेमोरँडमची आद्याक्षरं उच्चारून केलेलं नाव, एप्रिल १९४१ ते मार्च १९४६. त्यात पायलट ऑफिसर प्रून, चित्रं बिल हूपरची, संपादक अँथनी आर्मस्ट्राँग. मूर्खपणा करणाऱ्या खऱ्याखुऱ्या वैमानिकांना तिथे 'न निघणाऱ्या बोटाचा' मानाचा किताब मिळायचा. त्यांच्या बोलीत 'बोट काढ' म्हणजे 'हात हलव, कामाला लाग'.

अमेरिकी नौदलाकडे रॉबर्ट ऑसबर्नचा डिल्बर्ट. हा एवढा प्रसिद्ध झाला की पाण्यात कोसळलेल्या विमानातून बाहेर पडायचा सराव ज्या यंत्रात व्हायचा, म्हणजे रुळावरून घसरत तलावात जाऊन उलटी होणारी कॉकपिट, तिला 'डिल्बर्ट डंकर' नाव पडलं. ऑसबर्ननेच १९४३ पासून 'ग्रॅम्पॉ पेटिबोन' काढला, अपघातांच्या अहवालांवर चिडणारा दाढीवाला आजोबा.

शब्दवेध
आणि पडद्यावर अमेरिकी लष्कराच्या व्यंगपटांतला शिपाई प्रायव्हेट स्नाफू, १९४३ ते ४५. आवाज मेल ब्लँकचा, लेखनात थिओडोर गायझेल. १९४३ च्या एका भागात विषय हाच: चिखलाने भरलेली बंदूक, निष्काळजी शिपाई, समोर शत्रू. 'स्नाफू' या अद्याक्षरांचा पूर्ण अर्थ इथे लिहिला तर धागा उडेल.

संपादक_३
उडेल. 'आद्याक्षरांचा' असा शब्द आहे. चालू द्या.

ओवीकार
टायगरवाल्यांनी यमकं केली, आपण का मागे राहायचं? नटबोल्ट यांच्या प्रतिसादावरून, चाल तुकोबांच्या अभंगांची:

काढा मॅगझीन। पाहा हो चेंबर।
नाही तो नंबर। आपलाच॥

पिन ती बारकी। फाकवू नको गा।
शोधशील जागा। चिखलात॥

कॅम पिनेविण। बोल्ट ना अडके।
तोंडाशी भडके। दारू सारी॥

नटबोल्ट
दंडवत. आणि क्रमही चुकला नाही! सहा-सहा-सहा-चार अक्षरांत तीन इशारे.

शब्दवेध
'चेंबर-नंबर' झकास. पाठ करायला लागलेला वेळ: एक मिनिट. यावरून कळतं गुडेरियनने यमकांना मंजुरी का दिली असेल.

दारूगोळा
छान आहे, पण यात 'दारूचा प्रकार तपासा' हे कडवं नाही. कारण ते शिपायाच्या हातात नाही. माझा मुद्दा तोच.

जुनीजीप
दारूगोळा, तुमच्या त्याच मुद्द्याला धरून कागदीबाणांच्या मूळ प्रश्नाकडे येतो. एम१६ची पुस्तिका सुटी बघू नका. तिच्यामागे 'पीएस' मासिक आहे. जून १९५१, कोरियाचं युद्ध चालू असताना सुरू झालं. पीएस म्हणजे ताजा कलम, अधिकृत नियमपुस्तिका लिहून झाल्यावर उरलेलं. लहान आकार, मध्ये आठ पानांची रंगीत चित्रकथा. आयस्नर १९७१ पर्यंत त्याची कलाबाजू सांभाळत होता, पुढे २००१ पासून जो क्युबर्ट.

त्यातलं हाफ-मास्टचं सदर बघा. सैनिक पत्र लिहितात: अमुक गाडीचा तमुक नट पुस्तिकेत लिहिलेल्या पान्याने फिरत नाही, हात जात नाही, काय करू? सार्जंट उत्तर देतो, कधी युक्ती सांगतो, कधी भागाचा नवा क्रमांक. जो डोप एकतर्फी होता, वरून खाली. इथे खालून वर वाट आहे. म्हणून मला वाटतं की चित्र 'चूक तुझी' म्हणतं की 'आम्हाला सांग' म्हणतं, हे चित्रावर नाही, त्याच्या शेजारी पत्रांचं पान आहे की नाही यावर ठरतं. एम१६च्या ३२ पानांत ते पान नव्हतं.

जो डोप १९५०च्या दशकातच मासिकातून गेला. हाफ-मास्ट आणि कॉनी टिकले.

कागदीबाण
हे पटलं. म्हणजे माझी तक्रार चित्रकारावर नको होती, पुस्तिका एकटी पाठवणाऱ्यावर हवी होती. दारूगोळा, चालेल?

दारूगोळा
चालेल. पण क्रोमच्या आधी नव्हे.

रानमेवा
एक बाळबोध प्रश्न राहिला. बोल्टवर तीन बारीक कडी असतात, त्यांच्या फटी एका रेषेत आल्या तर बंदूक चालत नाही म्हणतात. खरं का?

नटबोल्ट
गॅस रिंग्ज. तिन्ही फटी वेगवेगळ्या दिशांना ठेवाव्यात हा नियम चांगला, पाळावा. पण एका रेषेत आल्या म्हणून बंदूक बंद पडत नाही, आणि झाडताना रिंग्ज तशाही फिरतात. खरी परीक्षा वेगळी. बोल्ट पूर्ण पुढे ओढा आणि कॅरियर त्या बोल्टच्या तोंडावर टेबलावर उभा करा. उभा राहिला तर रिंग्ज ठीक. स्वतःच्या वजनाने खाली बसला तर झिजल्या, तिन्ही एकदम बदला.

ओवीकार
उभा राहे त्याची। रिंग आहे नीट।
बसे त्याची वीट। आली मज॥

चिंदीचोर
आणि काडतुसांना तेल लावू नका रे कोणी, ती कोरडीच पुसायची. तेलकट पुंगळीवर धूळ चिकटते आणि ती चेंबरला धरतही नाही, सगळा धक्का बोल्टवर जातो. हे राहिलं होतं.